हिमालयाच्या माथ्यावरील चुनखडक
(वरच्या इयत्तांच्या भूगोल-पाठासाठी मार्गदर्शन)

हिमालयाचा पाठ शिकविताना शिखरांच्या उंचीचे आकडे पाठ करून घेण्याची प्रथा आहे. एव्हरेस्टची उंची ८,८४८.८६ मीटर, हा २०२० साली नेपाळ व चीन यांनी जाहीर केलेला आकडा विद्यार्थी सहज सांगतो. परंतु ते शिखर कोणत्या दगडाचे आहे, असे विचारताच वर्ग निरुत्तर होतो. तो दगड चुनखडक आहे, आणि चुनखडकाचा हा थर एके काळी सागरतळावर साचलेला आहे.

खडकाची साक्ष

१९२४ सालच्या ब्रिटिश मोहिमेत नोएल ओडेल हे भूशास्त्रज्ञ होते. त्यांनी एव्हरेस्टच्या वरच्या उतारांवरील खडकांची पाहणी केली. पुढे गिर्यारोहकांनी शिखरावरून खाली आणलेले नमुने सूक्ष्मदर्शकाखाली तपासण्यात आले. त्यांत ट्रायलोबाइट या कवचधारी प्राण्यांचे आणि देठाने तळाला चिकटून राहणाऱ्या, फुलासारख्या दिसणाऱ्या क्रिनॉइड प्राण्यांचे बारीक तुकडे आढळले. हे प्राणी समुद्रातच राहत असत. त्यांचा काळ ऑर्डोव्हिशियन, म्हणजे सुमारे ४८ ते ४४ कोटी वर्षांपूर्वीचा.

त्या काळी गोंडवन महाखंडाच्या उत्तर काठावर उथळ समुद्र होता. त्यातील जीवांची कवचे व चुन्याचा गाळ तळावर साचत गेला, दाबाने घट्ट झाला आणि त्याचा खडक बनला. या थराच्या खाली संगमरवर व इतर रूपांतरित खडकांचा पिवळसर पट्टा आहे. तो दुरूनही ओळखू येतो.

एक गैरसमज

येथे चौकस विद्यार्थी हमखास विचारील, “मग समुद्र इतका उंच चढला होता काय?” या प्रश्नाला घाईने होकार देऊ नये. पाणी वर चढले नाही. तळच वर उचलला गेला. भारतीय भूखंड उत्तरेकडे सरकत जाऊन सुमारे ५ कोटी वर्षांपूर्वी आशिया खंडास भिडला. मधला सागर आटला, तळावरील थर दाबले गेले, त्यांना घड्या पडल्या, काही ठिकाणी ते तुटून एकमेकांवर सरकले. भूखंडांची ही रेटारेटी आजही संथपणे चालू आहे. म्हणून हिमालय ‘अचल’ हे काव्यात शोभते. भूगोलाच्या तासाला ते खरे नाही.

नेपाळमधील काळी गंडकीच्या पात्रात सापडणाऱ्या अनेक शाळिग्रामांतील चक्रे अ‍ॅमोनाइट या सागरी प्राण्याच्या शंखाची असतात. तो प्राणी चुनखडकाहून पुष्कळ अलीकडचा असला, तरी त्याची साक्ष तीच आहे. मात्र देवघरातील शाळिग्राम वर्गात आणावयास सांगू नये व कोणाच्या श्रद्धेस धक्का लागेल असे बोलू नये.

प्रत्यक्ष प्रयोग

साहित्य : काळ्या जमिनीत मिळणारे चुनखडीचे पांढरे खडे, काळ्या फत्तराचा तुकडा, लिंबू, जुने धोतर.

१. चुनखडीचा खडा फोडून ताज्या बाजूवर लिंबाचा रस पिळावा. बारीक बुडबुडे येतात. काळ्या फत्तरावर तसे सहसा होत नाही; तो लाव्हारसापासून बनलेला आहे. फळ्याचा खडू यासाठी घेऊ नये. पुष्कळसा खडू जिप्समचा असतो.

२. धोतराच्या तीन-चार घड्या करून ते जमिनीवर पसरावे व दोन मुलांनी दोन्ही टोकांकडून सावकाश रेटावे. कापड मध्ये उचलले जाते. तळाची घडीही उंचावते. वली पर्वत कसा होतो, ते यावरून समजते.

विचारावयाचे प्रश्न

१. शिखरावरील खडक समुद्रात झाला, हे कशावरून?
२. समुद्र वर चढला असे का म्हणता येत नाही?
३. सह्याद्रीच्या काळ्या फत्तरात ट्रायलोबाइट का सापडत नाहीत?

पहिल्या प्रश्नाचे उत्तर विद्यार्थ्याने पुराव्यासह दिले, म्हणजे पाठ साधला असे समजावे. ‘पुस्तकात आहे म्हणून’ हे उत्तर पुरेसे मानू नये.