बेटाभोवती एक दिवस

भूगोलाच्या पुस्तकात बेटाची व्याख्या एका ओळीत दिलेली असते. चहूबाजूंनी पाण्याने वेढलेला जमिनीचा भाग म्हणजे बेट. ही व्याख्या तोंडपाठ असलेला विद्यार्थी मुंबईला दहा वेळा जाऊन आला, तरी आपण बेटावर जाऊन आलो असे त्याच्या मनात येत नाही. आगगाडी थेट जाते, मोटार थेट जाते, होडीत कोठे बसावे लागत नाही. मग बेट कसले? परंतु नकाशा उघडून पाहावा. विषुववृत्ताच्या उत्तरेस १९ अक्षांशांच्या आसपास, उष्ण कटिबंधात, अरबी समुद्रात शिरलेली एक चिंचोळी भूमी दिसते. तिच्या पश्चिमेस समुद्र, पूर्वेस बंदर आणि उत्तरेस माहीमची खाडी आहे. खाडीपलीकडे साष्टी, तेही बेटच. ठाण्याची खाडी ओलांडली म्हणजे मग कोठे मुख्य भूमी लागते.

खालापूर तालुक्यातील साजगावच्या शाळेचा सातवीचा वर्ग हिवाळ्यातील एका दिवशी हे बेट फिरून पाहावयास निघाला. साजगाव हे बोरघाटाच्या पायथ्याशी, खोपोलीला लागून वसलेले गाव. ताकईच्या विठोबाची कार्तिकातील यात्रा हे त्याचे भूषण. मुंबई या गावाला परकी नाही. कोणाचा मामा तेथे नोकरीस, तर कोणाची आत्या तेथे सासरी. तरीसुद्धा वाटाड्या सोबत घेऊन, एका दिवसात सबंध बेटाला वळसा घालावा, असे पूर्वी कोणी केले नव्हते.

पनवेल मागे पडले, वाशीचा पूल ओलांडून गाडी साष्टी बेटावर आली आणि शीव येथे मार्गदर्शक गाडीत चढले. वयस्क, किरकोळ शरीराचे, खणखणीत आवाजाचे गृहस्थ. सर्वांना नमस्कार करून त्यांनी पहिलाच प्रश्न विचारला, "शीव म्हणजे काय, ठाऊक आहे का?"

"गावाची हद्द!" एक मुलगी चटकन म्हणाली. "आमच्या गावाच्याही शिवेवर दगड आहे."

"शाबास! ही मुंबई बेटाची शीव. येथे खाडी होती. एकोणिसाव्या शतकाच्या प्रारंभी तिच्यावर बांध घालून रस्ता नेला, तेव्हा मुंबई साष्टीला जोडली गेली. आता आज एवढेच करा. इमारती तर पाहालच. पण पाट्यांवरची नावे वाचा. या बेटाने आपले पाणी नावांत लपवून ठेवले आहे."

एका दिवसाच्या अशा सहलीत एक दोष असतो. वीस स्थळे पाहण्याच्या घाईत एकही स्थळ नीट पाहून होत नाही, आणि घरी आल्यावर खिडकीतून दिसलेल्या खिडक्याच तेवढ्या आठवतात. मार्गदर्शकाने शोधण्यास एखादी वस्तू दिली, म्हणजे हा दोष पुष्कळ कमी होतो. मुलांनी वह्या काढल्या.

गाडी दक्षिणेकडे निघाली आणि मार्गदर्शकांनी इतिहास थोडक्यात सांगितला. पूर्वी येथे एक बेट नव्हते. कुलाबा, धाकटा कुलाबा, मुंबई, माझगाव, परळ, वरळी व माहीम अशी सात बेटे होती. त्यांवर कोळी लोकांची वस्ती होती, आणि कोळ्यांच्या मुंबादेवीवरून मुंबई हे नाव पडले. १५३४ साली ही बेटे गुजरातच्या सुलतानाकडून पोर्तुगिजांकडे गेली. १६६१ साली पोर्तुगालच्या राजकन्येचा इंग्लंडच्या राजाशी विवाह ठरला, त्या तहात ती इंग्रजांना मिळाली. आणि १६६८ साली राजाने ती ईस्ट इंडिया कंपनीला अवघ्या दहा पौंड वार्षिक भाड्याने देऊन टाकली.

"दहा पौंडांना सात बेटे!" मागच्या बाकावरून आश्चर्योद्गार निघाला.

"तेव्हा भरती आली की बराचसा भाग पाण्याखाली जाई. अशा चिखलाला जास्त भाडे कोण देणार?"

परळजवळ हिंदमाता परिसरात गाडी क्षणभर थांबली. येथे पाहण्यासारखे काही नव्हते; दुकाने, पूल आणि वाहनांची गर्दी. परंतु मार्गदर्शकांनी मुद्दाम बोट दाखविले. बेटांच्या मधल्या सखल जागा माणसांनी माती व दगड टाकून भरल्या खऱ्या, तथापि त्यांतील पुष्कळ जमीन भरतीच्या पातळीहून फारशी उंच झाली नाही. जोराचा पाऊस आणि समुद्राची मोठी भरती एकाच वेळी आली, की गटारांतील पाणी समुद्रात जाऊ शकत नाही. ते रस्त्यावर तुंबते आणि पंप लावून बाहेर काढावे लागते. २६ जुलै २००५ रोजी साष्टीवरील सांताक्रूझ येथे २४ तासांत ९४४ मिलिमीटर पाऊस पडला. त्या पुरात शेकडो माणसे प्राणांस मुकली. एवढे सांगून मार्गदर्शक थोडा वेळ काहीच बोलले नाहीत.

पुढे लालबागच्या बाजूस एका बंद गिरणीची उंच चिमणी दिसली. १९८२ च्या संपानंतर बहुतेक कापडगिरण्या एकामागून एक बंद पडत गेल्या, आणि त्यांच्या जागी उंच इमारती उभ्या राहिल्या. चिमण्या मात्र काही ठिकाणी उरल्या आहेत. मार्गदर्शक म्हणाले, "एके काळी या गिरण्या कोळशावर चालत आणि आकाश धुराने काळे होई. पुढे वीज आली. ती कोठून आली असेल?"

कोणी ठाणे म्हटले, कोणी कोयना म्हटले.

"तुमच्या दारातून! घाटमाथ्यावरच्या तलावांतील पाण्यापासून वीज करावी ही कल्पना जमशेटजी टाटा यांची. ते १९०४ साली वारले. पण १९१५ साली खोपोलीचे वीजघर सुरू झाले, आणि तेथील वीज तारांवरून या गिरण्यांपर्यंत येऊन पोहोचली."

खोपोलीच्या डोंगरावरून खाली उतरणारे ते प्रचंड नळ मुलांनी जन्मापासून पाहिले होते. ५०० मीटरहून अधिक उंचीवरून त्यांतून पाणी येते, हेही शाळेत शिकविले होते. परंतु त्या पाण्याच्या जोरावर या चिमणीखालचे माग चालले, हे कोणाच्या ध्यानात आले नव्हते. एका मुलाने मग मार्गदर्शकांनाच विचारले, "काका, वीज झाल्यावर ते पाणी कोठे जाते, सांगा बघू?"

मार्गदर्शक थबकले. त्यांना ते ठाऊक नव्हते.

"पाताळगंगेत!" मुलगा अभिमानाने म्हणाला. "म्हणून आमची नदी वैशाखातसुद्धा आटत नाही." मार्गदर्शकांनी खिशातून एक लहानशी वही काढली आणि तीत हे टिपून घेतले. जो दुसऱ्यास दाखवितो त्याने शिकण्याचे थांबवू नये, हे सगळ्यांनाच साधते असे नाही.

भायखळ्यानंतर वह्या भराभर भरू लागल्या. कोणी 'उमरखाडी' लिहिले. तेथे खाडी नव्हती. 'धोबीतलाव' सापडले, तेथे तलाव नव्हता. 'पायधुणी' ही पाटी वाचून मुले हसली, तेव्हा मार्गदर्शकांनी सांगितले की, पूर्वी खाडीचा चिखल तुडवीत पलीकडून येणारी माणसे येथे पाय धुवीत, अशी या नावाची उपपत्ती सांगतात. आज तेथे पाय ठेवावयास जागा मिळणे कठीण!

छत्रपती शिवाजी महाराज टर्मिनसची १८८७ मध्ये पूर्ण झालेली भव्य इमारत गाडीतूनच पाहावी लागली. भारतातील पहिली प्रवासी आगगाडी १६ एप्रिल १८५३ रोजी याच परिसरातील बोरीबंदरहून ठाण्यास गेली. 'गेटवे ऑफ इंडिया'पाशी सर्वजण उतरले. इंग्लंडचा राजा १९११ साली येथे उतरला, त्याच्या स्मरणार्थ ही कमान बांधण्यास घेतली व ती १९२४ साली खुली झाली. २८ फेब्रुवारी १९४८ रोजी ब्रिटिश सैन्याची अखेरची तुकडी हिच्याच खालून बाहेर पडली आणि बोटीत बसून निघून गेली. मुलांना दुसरी हकीकत अधिक आवडली, हे सांगावयास नकोच.

मरीन ड्राइव्हचा अर्धवर्तुळाकार रस्ता समुद्र हटवून केलेल्या जमिनीवर आहे. त्यावरून चौपाटी, आणि चौपाटीवरून गाडी मलबार टेकडीवर चढली. वाळकेश्वरचा बाणगंगा तलाव समुद्रापासून हाकेच्या अंतरावर असून त्यातील झऱ्याचे पाणी गोडे आहे. रामाने बाण मारून हा झरा काढला अशी कथा आहे. आजचा तलाव १७१५ साली राम कामत यांनी बांधविला. बेटावर जिकडे तिकडे पाणी, पण पिण्याजोगे थोडे. म्हणूनच अशा झऱ्याचे तीर्थ झाले.

टेकडीवरच्या फिरोजशहा मेहता उद्यानात मुलांनी डबे सोडले. जेवण उरकत आले तेव्हा मार्गदर्शक म्हणाले, "तुम्ही पाण्यावर बसला आहात!" मुले दचकून उठली. या बागेच्या खाली शहराला पाणी पुरविणारा मोठा जलाशय असून त्याच्यावरच १८८० च्या सुमारास ही बाग केलेली आहे. मुंबईला नळाचे पाणी प्रथम १८६० साली विहार तलावातून मिळाले. वस्ती वाढत गेली, तसतसे शहर पाण्यासाठी दूरदूर जाऊ लागले. तुळशी, तानसा, मोडकसागर, अप्पर वैतरणा, भातसा आणि मध्य वैतरणा. विहार धरून हे तलाव झाले सात.

"सात बेटे आणि सात तलाव," एक मुलगी बोटे मोजीत म्हणाली. तिच्या आजोळचे गाव शहापूर तालुक्यात होते. ती पुढे म्हणाली, "तानसा आणि भातसा आमच्या आजीच्या तालुक्यात आहेत. पण आजीच्या वाडीत उन्हाळ्यात टँकर येतो."

मार्गदर्शकांनी तिच्याकडे पाहिले आणि ते म्हणाले, "खरे आहे. तेथल्या पुष्कळ पाड्यांची हीच स्थिती आहे." बाईंनी फळ्यावर लिहावे तसे ते वाक्य सर्वांना वहीत उतरवून घ्यावयास सांगितले, आणि हात धुवावयास गेलेल्या एका मुलाने वाहता ठेवलेला नळ दुसऱ्याने धावत जाऊन बंद केला.

दुपारी गाडी महालक्ष्मीवरून वरळीकडे निघाली. येथेच मुंबई व वरळी या बेटांमध्ये मोठे खिंडार होते, आणि भरतीचा लोंढा त्यातून आत शिरे. अठराव्या शतकाच्या अखेरीस विल्यम हॉर्नबी या गव्हर्नराने येथे बांध घातला, तेव्हा भायखळ्यापर्यंतची पाणथळ जमीन कोरडी झाली. बांध पुन्हा पुन्हा ढासळत होता; तेव्हा रामजी शिवजी या स्थापत्यकारास स्वप्नात देवीचा दृष्टांत झाला, समुद्रातून मूर्ती काढून तिची स्थापना केल्यावर बांध टिकला, अशी आख्यायिका महालक्ष्मीच्या मंदिराविषयी सांगतात. आख्यायिका बाजूला ठेवली, तरी भरती-ओहोटीच्या मधल्या अपुऱ्या वेळात, कमरेइतक्या पाण्यात उभे राहून दगड रचणाऱ्या मजुरांचे श्रम उरतातच. त्यांची नावे कोणत्याही पाटीवर नाहीत.

वरळीच्या कोळीवाड्यात शिरताच साजगावच्या मुलांना एक ओळखीचा वास आला. अंगणात मासळी सुकत घातली होती. "ताकईच्या यात्रेचा वास!" एकजण ओरडला. कार्तिकात साजगावला सुक्या मासळीचा मोठा बाजार भरतो. इतका, की तेथल्या विठोबाला लोक प्रेमाने 'बोंबल्या विठोबा' म्हणतात. अंगणात बसलेल्या वृद्ध कोळीणबाईंनी विचारले, "कुठली रं पोरं तुमी?" साजगाव हे नाव ऐकताच त्या हसल्या. यात्रेत त्यांनी पाटी लावली होती, ती वीस वर्षांपूर्वी. उठून त्यांनी वाळलेल्या बोंबलांचा एक जुडगा बाईंच्या हाती ठेवला आणि पैसे काही केल्या घेतले नाहीत. वरळीचा किल्ला, समोरचा २००९ साली सुरू झालेला वांद्रे-वरळी सागरी सेतू, या सर्वांपेक्षा त्या जुडग्याचीच चर्चा गाडीत अधिक झाली.

माहीमला खाडीवरचा बांधरस्ता आहे. पूर्वी येथे होडीनेच पलीकडे जावे लागे व पावसाळ्यात माणसे बुडत. सरकार पैसा खर्च करीना. तेव्हा अवाबाई जमशेटजी जीजीभाई यांनी स्वतःचे दीड लाखाहून अधिक रुपये दिले. रस्त्यावर जकात घेऊ नये, एवढीच त्यांची अट होती. १८४५ साली रस्ता खुला झाला. माहीमच्या मुख्य रस्त्यास अजूनही लेडी जमशेटजींचे नाव आहे.

दिवस मावळतीस लागला. शिवडीला मार्गदर्शक उतरले. पाणथळीवर दूर रोहित पक्ष्यांची गुलाबी रांग दिसत होती. येथून अटल सेतूवरून थेट रायगड जिल्ह्यात जाता येते. १२ जानेवारी २०२४ रोजी उद्घाटन झालेल्या या सेतूची लांबी सुमारे २२ किलोमीटर असून त्यांपैकी १६ किलोमीटरहून अधिक भाग समुद्रावर आहे. "मागच्या काचेतून पाहत जा," एवढे सांगून त्यांनी हात हलविला.

सेतूवर गाडी थांबविण्यास मनाई असते. मुले मागच्या बाकांवर गुडघे टेकून दाटीने उभी राहिली. प्रथम पाण्याची एक पट्टी दिसली, मग ती रुंद होत गेली. गिरण्यांच्या चिमण्या, मनोरे, बंदरातील याऱ्या, सारे लहान लहान होत एका ओळीत आले, आणि त्या ओळीखाली सगळीकडे पाणी होते. दिवसभर जे पायाखाली होते, ते आता प्रथमच डोळ्यांसमोर आले. दिवे लागू लागले होते.

चिर्ले आले तेव्हा अंधार पडला होता. एका मुलाने वही पुन्हा उघडली आणि दिव्याच्या उजेडात तो रस्त्यावरच्या पाट्या उतरवू लागला. पळस्पे. चौक. खालापूर. "बाई, पळस्पे हे नाव पळसावरून पडले असेल का? आणि खोपोली म्हणजे काय?" बाईंनी थोडा विचार केला. गावातील जाणत्या माणसांना विचारावे लागेल, असे त्या म्हणाल्या. आणि त्यासाठी कोणाकोणाकडे जावयाचे, यावर मुलांचा वाद सुरू झाला.