‘आधार’ची संगणकीय साधने

मोठ्या कार्यालयाचा व्यवहार संगणकावर न्यावयाचा ठरला म्हणजे पहिला प्रश्न साधनांचा येतो. प्रोग्राम लिहिण्याची भाषा, माहिती साठविणारा डेटाबेस आणि एका विभागाचे काम दुसऱ्याकडे पोहोचविणारी यंत्रणा, असा तो एकावर एक रचलेला संच असतो. बेळगाव-निपाणीकडील बहुतेक घरांत ज्याचे पत्र आहे, त्या ‘आधार’चेच उदाहरण घेऊ. पहिले आधार क्रमांक २९ सप्टेंबर २०१० रोजी नंदुरबार जिल्ह्यातील टेंभली या गावी देण्यात आले. एप्रिल २०१६ पर्यंत त्यांची संख्या १०० कोटींवर गेली.

एवढा पसारा सांभाळताना एकाच कंपनीच्या यंत्रांशी व परवान्यांशी कायमची गाठ बांधणे धोक्याचे होते. उद्या तिने दर दुप्पट केले, तर देशाने काय करावे? म्हणून विशिष्ट ओळख प्राधिकरणाने जावा भाषा, स्प्रिंग, मायएसक्यूएल, हडूप अशा, मुख्यतः सर्वांना खुल्या असलेल्या साधनांवर भर दिला. जावाचा प्रोग्राम एखाद्या विशिष्ट यंत्रासाठी नव्हे, तर एका ‘आभासी यंत्रा’साठी तयार होतो, त्यामुळे खालचा सर्व्हर बदलला तरी सामान्यतः तोच प्रोग्राम चालतो. शिवाय १९९६ च्या पहिल्या आवृत्तीपासूनच जावातील अक्षरे युनिकोडमध्ये आहेत. ज्या सीमाभागात एकाच घरात कन्नड आणि देवनागरी या दोन्ही लिप्या वाचल्या जातात, तेथील वाचकांना याचे मोल निराळे सांगावयास नको.

मला सर्वांत मनोवेधक वाटतो तो रॅबिटएमक्यू हा निरोप्या. प्रत्येक नवी नोंदणी अनेक टप्प्यांतून जाते. बोटांचे ठसे व बुबुळे आधीच्या सर्व नोंदींशी ताडून पाहणे, हा त्यांतला फार जड टप्पा. साखर कारखान्याची गव्हाण भरलेली असली, तर उसाच्या गाड्या तळावर रांगेने थांबतात. त्यांतला ऊस कोणी फेकून देत नाही. तसेच पुढचा टप्पा मंदावला, तर आलेले काम रांगेत सुरक्षित थांबते आणि मागचा टप्पा आपले काम करीत राहतो. ताडणीचे कामही एकावर न सोपविता ३ निरनिराळ्या पुरवठादारांच्या प्रणालींत वाटून दिलेले होते.

परंतु शाळेच्या ग्रंथालयासाठी कोणी हडूप मागू लागला, तर त्याला हसावे! काही हजार पुस्तकांच्या देवघेवीस जावा, स्प्रिंग बूट आणि एका संगणकावरील पोस्टग्रेसक्यूएल पुरेसे होते. मात्र बिघाड झाल्यास दुरुस्त करू शकणारे कोणी जवळपास आहे काय, हे आधी विचारून घ्यावे.