मेंढरं कुणाची, राबणं कुणाचं?

प्रश्न : आम्ही लोणंदचे. गुरुवारच्या बाजारात शेळ्या-मेंढ्यांचे सौदे करताना सगळे पुरुषच दिसतात. पण रस्त्यानं धनगरांचा वाडा निघाला की घोड्याची दोरी बाईच्या हातात असते. परवा टीव्हीवर पूर्व आफ्रिकेतल्या मसाई लोकांवर कार्यक्रम होता. तिथे बायका घर लिंपत होत्या आणि पुरुष भाला घेऊन नुसते उभे. या गुराखी-मेंढपाळांच्या समाजात पुरुष बसून खातात की काय? आणि पैसा शेवटी कुणाच्या हातात राहतो? – एक वाचक, लोणंद

उत्तर : प्रश्न छान आहे, पण त्यात तीन वेगळे प्रश्न एकमेकांत गुंतले आहेत. काम कोण करतं, मालक कोण आणि रोकड कुणाच्या हातात जाते? आपण तिन्हींची गल्लत करतो आणि बाजारात जो उभा दिसला त्यालाच कर्ता ठरवून मोकळे होतो. तेव्हा एकेक धागा सोडवू.

आधी काम. खंडाळा, फलटण, माण, खटाव हा सगळा कमी पावसाचा पट्टा. दिवाळी झाली की माळावरचं गवत सरत येतं आणि वाडे, म्हणजे मेंढपाळांची फिरती बिऱ्हाडं, चाऱ्यामागे बाहेर पडतात. काही तर घाट उतरून थेट कोकणात जातात. पाऊस तोंडावर आला की परत फिरतात, कारण आपल्या दख्खनी मेंढीला मुसळधार पाऊस आणि चिखल सोसत नाही, तिचे खूर सडतात. (या दख्खनी मेंढीच्या एका प्रकाराचं नावच ‘लोणंद’ आहे, हे तुम्हाला ठाऊक असेलच.)

आता मेंढरू काही रस्त्यानं सरळ चालत नाही. ते चरत चरत, रानातून, काढणी झालेल्या वावरांतून पुढे सरकतं. बिऱ्हाडाला मात्र अंधार पडायच्या आत मुक्कामी पोचायचं असतं. म्हणून एका वाड्याच्या दोन वाटा होतात. पुरुष आणि मोठी पोरं कळपाबरोबर रानातून जातात, बायका बिऱ्हाड घेऊन रस्त्यानं. तुम्हाला दिसतो तो हा दुसरा अर्धा. पहिला अर्धा त्याच वेळी कुठल्या तरी टेकाडामागे असतो.

या दुसऱ्या अर्ध्याकडे जरा जवळून पाहा. बाई उजाडायच्या आधी उठते, भाकऱ्या थापते, पाल सोडते आणि भांडी, घोंगड्या, धान्याची पोती घोड्यावर चढवते. भार दोन्ही अंगांना सारखा बसला नाही तर वाटेत सगळं कलंडतं, त्यामुळे हे बांधणंही कसबाचं असतं. वर कोंबड्या, त्यांच्या शेजारी चालता न येणारं मूल आणि रात्री जन्मलेली कोकरं. नव्या मुक्कामी पोचल्यावर तीन दगड मांडायचे, पाणी शोधायचं, सरपण गोळा करायचं आणि मेंढरं कोंडायला जाळ्यांची वाघर उभी करायला हात लावायचा.

संध्याकाळी कळप परतला की खरी परीक्षा सुरू होते. लहान कोकरं दिवसभर मुक्कामावर राहिलेली असतात, ती आयांकडे सोडायची. मेंढी आपलं पिल्लू वासावरून ओळखते आणि दुसऱ्याचं जवळ येऊ देत नाही. पहिलटकरीण कधी कधी स्वतःच्याच पिल्लाला झिडकारते. तेव्हा बाई मेंढीला गुडघ्यात धरून कोकराचं तोंड सडाला लावते. एखादीला दूधच नसेल तर शेळीचं दूध पाजून ते पिल्लू जगवते. कुठलं कोकरू कुणाचं, कुणाला हगवण लागली, कोण मागे राहतंय, ही सगळी नोंद तिच्या डोक्यात असते.

याला ‘घरकाम’ म्हणायचं की ‘धंदा’? हिशेब मांडून पाहा. मेंढी पाच महिने गाभण राहते आणि बहुधा एकच पिल्लू देते. घराचं उत्पन्न मुख्यतः ते पिल्लू तीन-चार महिन्यांचं झाल्यावर विकण्यातून येतं. आणि पिल्लू दगावण्याची भीती सर्वांत जास्त असते पहिल्या काही आठवड्यांत, म्हणजे नेमकी ते बाईच्या देखरेखीखाली असताना. म्हणजे बाजारात विकायला किती नग निघतील हे बरंचसं मुक्कामावरच ठरून गेलेलं असतं.

मग पुरुष बसून खातात का? मुळीच नाही. दिवसभर उन्हात कळपामागे चालायचं, चाऱ्यासाठी शेतकऱ्यांशी बोलणी करायची, रात्री लांडग्यांवर आणि चोरांवर नजर ठेवायची, हे कमी नाही. बाजारात पुरुष दिसतात त्याचं कारणही साधं आहे. घेणारे व्यापारी पुरुष. काही बाजारांत अजून रुमालाखाली हातात हात घालून बोटांवर भाव ठरतो, तो परक्या बाईशी कोण ठरवणार? पण बाजारात बाई नाही म्हणजे घरात तिला विचारत नाहीत, असं समजू नका. कोणतं पिल्लू काढायचं आणि कोणती मादी वाढवायला ठेवायची हे सांगायला तिच्याइतकी माहिती दुसऱ्या कुणाकडे असणार?

आता मसाईंकडे वळू. हे लोक केनियाच्या दक्षिणेत आणि टांझानियाच्या उत्तरेत राहतात. त्यांच्यात घर बांधणं हे बाईचंच काम. काठ्यांचा सांगाडा ती उभारते आणि शेण, माती, राख कालवून तो लिंपते. पण टीव्हीवर बहुधा पुढचं सांगितलं नसेल : ते घर तिचं असतं. नवऱ्याला अनेक बायका असल्या तर प्रत्येकीचं घर वेगळं. थोरलीचं फाटकाच्या उजवीकडे, दुसरीचं डावीकडे, असा क्रम लागतो. प्रत्येकीला दुभत्या गाई नेमून दिलेल्या असतात. त्यांचं दूध तीच काढते आणि कुणाला किती द्यायचं हे तीच ठरवते. त्या गाई पुढे तिच्याच मुलांकडे जातात. नवऱ्याला त्या सहजासहजी दुसऱ्या घराकडे वळवता येत नाहीत.

आणि तो भालेवाला? तो बहुधा ‘मोरान’, म्हणजे तरुण योद्ध्यांच्या गटातला. रोजची राखण पोरं करतात हे खरं. पण दुष्काळात जनावरं दूरवर नेणं, सिंहापासून आणि लुटारूंपासून ती वाचवणं ही जबाबदारी या तरुणांची. कॅमेरा गावात येतो तेव्हा असं काम चालू नसेल, तर त्याला फक्त उभा माणूस सापडतो.

इथे आणखी एक समज दूर करायला हवा. ‘पशुपालकांत पुरुषांची सत्ता ही पूर्वापार चालत आली’ असं आपण धरून चालतो. अमेरिकी मानववंशशास्त्रज्ञ डोरोथी हॉजसन यांनी टांझानियातल्या मसाईंचा इतिहास तपासला आणि वेगळं चित्र मांडलं. पूर्वी दूध आणि कातडी देऊन शेजारच्या शेतकऱ्यांकडून धान्य आणणं हा बायकांचा व्यवहार होता आणि जनावरांवर स्त्री-पुरुष दोघांचेही वेगवेगळे हक्क होते. पहिल्या महायुद्धानंतर तिथे ब्रिटिशांचा अंमल आला. सरकारनं पुरुषाला ‘कुटुंबप्रमुख’ धरून कर लावला. कर रोकड्यात, म्हणून गुरं विकायची, आणि विकणारा पुरुष. हळूहळू कागदावर तोच एकटा मालक उरला. बाईचं काम तेवढंच राहिलं, हक्क मात्र आटत गेला.

आपल्याकडचा इतिहास वेगळा, पण ओघ ओळखीचा आहे. पूर्वी लोकरीला मोल होतं. घोंगड्या विणणाऱ्या सणगरांच्या घरात लोकर पिंजणं-कातणं बायकांकडे आणि मागावर बसणं पुरुषाकडे. चिंचोक्याची खळ लावलेली घोंगडी दोघांच्या कष्टातून तयार व्हायची. घोंगडीची मागणी घटली, तशी लोकर मातीमोल झाली आणि कमाई मटणावर, म्हणजे पुरुषांच्या हातातल्या बाजारावर, येऊन ठेपली. तसंच शेतात मेंढरं बसवण्याचं. लेंडीखताच्या मोबदल्यात धान्य मिळतं तेव्हा ते थेट चुलीपाशी येतं. तोच मोबदला नोटांत मिळाला की आधी खिशात जातो. चुलीपर्यंत किती पोचतं ते मग घरोघरच्या माणसांवर.

हे फक्त वाड्यावर घडतं असं मात्र म्हणू नका. लोणंदच्या मार्केट यार्डात कांदा येतो, त्याची रोपं लावणारे, खुरपणारे, काढून पात कापणारे हात बहुतेक बायकांचे असतात. विक्रीची पट्टी मात्र ज्याच्या नावावर माल, त्याच्या नावानं निघते, आणि तो बहुधा पुरुष असतो. हेच ओळखून शरद जोशींच्या शेतकरी संघटनेनं ‘लक्ष्मीमुक्ती’ची मोहीम काढली आणि सातबाऱ्यावर बायकोचं नाव लावायला शेतकऱ्यांना उद्युक्त केलं. मेंढपाळ बाईला तेही साधत नाही. कळपाचा सातबारा नसतो, आणि वाड्यावरच्या कित्येक घरांना जमीनही नसते.

मग काही बदलतंय का? बदलतंय, आणि तुमच्याच जिल्ह्यात. 1997 साली माण तालुक्यातल्या म्हसवडला चेतना गाला सिन्हा यांच्या पुढाकारानं माणदेशी महिला सहकारी बँक सुरू झाली. सभासद बायकांना लिहिता-वाचता येत नाही म्हणून रिझर्व्ह बँकेनं आधी परवाना नाकारला होता. बायका अक्षरं शिकल्या, पुन्हा गेल्या आणि परवाना घेऊनच आल्या. त्या परिसरात आता शेळ्यांवर उपचार करणाऱ्या ‘शेळी डॉक्टर’ बायकाही तयार झाल्या आहेत.

शेजारच्या फलटणला निंबकर कृषी संशोधन संस्थेनं ‘नारी सुवर्णा’ मेंढी तयार केली. बंगालच्या सुंदरबनातल्या गरोळ मेंढीचा जुळी देणारा जनुक दख्खनी मेंढीत आणला. पिल्लं वाढली की उत्पन्न वाढतं हे खरंच. पण एका आईला दोन पिल्लं पाजायची म्हणजे मुक्कामावरची देखभालही वाढते. म्हणून नवी जात घरात आणताना नफ्याबरोबर हे वाढीव काम कोण करणार, याचाही हिशेब आधी मांडलेला बरा.

तुमचा शेवटचा प्रश्न पैशाचा. राज्य सरकारच्या ‘राजे यशवंतराव होळकर महामेष योजने’त 20 मेंढ्या आणि 1 नर अशा गटासाठी 75 टक्के अनुदान आहे आणि लाभार्थ्यांत 30 टक्के जागा महिलांसाठी राखीव आहेत. यामुळे कागदावर बाई मालक होते, ही पहिली पायरी. पण अर्ज तिच्या नावानं आणि विक्रीचे पैसे दुसऱ्याच्या खात्यात, असं झालं तर पहिले पाढे पंचावन्न. ओळखीत कुणी असा अर्ज भरत असेल तर एवढं जरूर सांगा : मेंढ्यांचा विमा आणि बँकेचं खातं दोन्ही बाईच्या नावानं काढा, आणि पिल्लं विकली की पैसे त्याच खात्यात भरा.