शून्याच्या वर आणि शून्याच्या खालीं

विहिरीवरची कप्पी जमिनीपासून सहा हात उंच आहे, आणि विहिरींतील पाणी जमिनीपासून वीस हात खोल आहे. तर कप्पीपासून पाण्यापर्यंत किती अंतर? हा प्रश्न खेड्यांतील कोणत्याही बाईस विचारला, तर ती लागलेंच सांगेल कीं, सव्वीस हात. विसांतून सहा वजा करून चौदा हातांचा दोर विकत आणणारा मनुष्य आमच्या पाहण्यांत नाहीं.

परंतु हाच प्रश्न उष्णमानाच्या रूपानें पुढें आला म्हणजे शिकलेलीं माणसेंही फसतात. "एके गांवीं दुपारीं उष्णमान शून्याच्या वर ६ अंश होतें, व पहाटेस शून्याच्या खालीं २० अंश होतें, तर दोहोंत फरक किती?" असें फळ्यावर लिहिलें कीं, वर्गांतील बरीच मुलें १४ हें उत्तर देतात. आम्हीं स्वतः लहानपणीं हेंच उत्तर दिलें होतें, आणि गुरुजींनीं आम्हांस वर्गांतून उठवून विहिरीवर पाठविलें होतें. तेथें जें समजलें तेंच आज वाचकांपुढें ठेवितों. ज्यांस मुलांना शिकवावें लागतें त्यांस या पाठाचा विशेष उपयोग होईल.

१. शून्य ही केवळ एक खूण आहे

पुष्कळांची अशी समजूत असते कीं, शून्य अंश म्हणजे उष्णता मुळींच नाहीं. ही समजूत चुकीची आहे. सेल्सिअस मापांत पाणी ज्या ठिकाणीं गोठतें त्या ठिकाणीं शून्य मांडिलें आहे, इतकेंच. स्वीडन देशांतील ज्योतिषशास्त्रज्ञ अँडर्स सेल्सिअस यांनीं १७४२ सालीं हें माप सुचविलें, तेव्हां त्यांनीं उकळत्या पाण्यास ० व गोठत्या पाण्यास १०० असे आंकडे दिले होते! १७४४ सालीं ते वारले; त्यानंतर हा क्रम उलटा करण्यांत आला, व तोच आज चालू आहे. फॅरनहाइट यांच्या १७२४ सालच्या मापांत शून्याची खूण बर्फ, पाणी व नवसागर यांच्या मिश्रणाच्या थंडीवर आहे. म्हणून त्या मापांत पाणी ३२ अंशांवर गोठतें.

यावरून उघड होतें कीं, शून्य हा विहिरीच्या कांठासारखा आहे. कांठाच्या वर जसें कांहीं असतें, तसें कांठाच्या खालींही असतें. वरच्या संख्यांस धन व खालच्या संख्यांस ऋण म्हणतात, आणि ऋण संख्येच्या मागें वजाबाकीची खूण लिहितात, जसें, −२०.

२. वजाबाकीचा नियम

एखाद्या ठिकाणच्या कमाल उष्णमानांतून किमान उष्णमान वजा केलें म्हणजे जो फरक येतो, त्यास भूगोलाच्या पुस्तकांत तापमान-कक्षा म्हणतात. आरंभींच्या उदाहरणांत कमाल ६ व किमान −२० आहे. म्हणून

६ − (−२०) = ६ + २० = २६.

ऋण संख्या वजा केली असतां बेरीज कां होते, हें मुलांस केवळ पाठ करावयास लावूं नये. पुढील ओळी फळ्यावर एकीखालीं एक लिहून दाखवाव्या:

६ − २ = ४
६ − १ = ५
६ − ० = ६
६ − (−१) = ७
६ − (−२) = ८

वजा करावयाची संख्या एकेक पायरी खालीं उतरते, आणि बाकी एकेक पायरी वर चढते. शून्य ओलांडतांना हा क्रम मोडण्याचें कांहीं कारण नाहीं. दोर जितका खोल सोडावा तितका तो अधिक लागतो, तसेंच हें आहे.

३. तीन प्रकारचीं उदाहरणें

पहिला प्रकार, दोन्हीं संख्या धन. पुणें येथें ३० एप्रिल १८९७ रोजीं ४३.३ अंश, व १७ जानेवारी १९३५ रोजीं १.७ अंश उष्णमान नोंदलें गेलें. ४३.३ − १.७ = ४१.६ अंश. येथें कोणीही चुकत नाहीं.

दुसरा प्रकार, एक धन व एक ऋण. सायबेरियांत व्हेर्खोयान्स्क नांवाचें लहानसें गांव आहे. १८९२ सालच्या फेब्रुवारींत तेथें −६७.८ अंश उष्णमान नोंदलें गेलें. पारा सुमारें −३९ अंशांवर स्वतःच गोठतो; म्हणून इतकी थंडी मोजण्यास पाऱ्याचें यंत्र निरुपयोगी होतें, व मद्यार्काचें यंत्र वापरावें लागतें. त्याच गांवीं २० जून २०२० रोजीं ३८ अंश उष्णमान झालें. ३८ − (−६७.८) = १०५.८ अंश. बर्फ वितळूं लागल्यापासून पाणी उकळेपर्यंत शंभर अंशांचें अंतर आहे. त्याहूनही ही कक्षा मोठी आहे.

तिसरा प्रकार, दोन्हीं संख्या ऋण. दक्षिण ध्रुवावरील अमेरिकन वेधशाळेंत २३ जून १९८२ रोजीं −८२.८ अंश, आणि २५ डिसेंबर २०११ रोजीं −१२.३ अंश नोंद झाली. येथें मुलें ८२.८ ही संख्या मोठी दिसते म्हणून तीस कमाल समजतात. वस्तुतः शून्याच्या खालीं जी संख्या मोठी दिसते तेथें थंडी अधिक, म्हणून तीच किमान होय. −१२.३ − (−८२.८) = −१२.३ + ८२.८ = ७०.५ अंश. विहिरीची उपमा येथेंही लागू पडते: बादली बारा हातांवर आहे व तळ ब्याऐंशी हातांवर आहे, तर मधलें अंतर सत्तर हात.

४. माप बदललें तरी अंतर बदलत नाहीं

अमेरिकेंतील मोंटाना प्रांतांत ब्राउनिंग येथें २३ व २४ जानेवारी १९१६ या दोन दिवसांत, चोवीस तासांच्या आंत, उष्णमान फॅरनहाइट मापानें ४४ अंशांवरून −५६ अंशांवर उतरलें. ४४ − (−५६) = १०० अंश. हेंच सेल्सिअस मापांत आणावयाचें असेल, तर पुष्कळ जण सवयीनें प्रथम ३२ वजा करितात. तसें करूं नये. ३२ हा आंकडा दोन मापांच्या शून्यांतील भेद दाखवितो. आणि आपणांस तर केवळ अंतर हवें आहे. म्हणून १०० ला ५ नें गुणून ९ नें भागावें. उत्तर सुमारें ५५.६ अंश. ताळा पाहूं: ४४ फॅरनहाइट म्हणजे ६.७ सेल्सिअस, व −५६ म्हणजे −४८.९. आतां ६.७ − (−४८.९) = ५५.६. उत्तर जुळलें. विहिरीचा कांठ एक हात वर बांधला, तरी कप्पी व पाणी होतीं तेथेंच असल्यास दोर तितकाच लागतो.

५. चूक झाल्यास काय होतें

ही चूक वहींतच राहिली तर एक गुण जातो. परंतु कामावर झाली तर मोठें नुकसान होतें. पोलाद तापलें म्हणजे लांबतें व निवलें म्हणजे आंखडतें. एक हजार मीटर लांबीचें पोलाद दर अंशास सुमारें १२ मिलिमीटर लांबतें. समजा, व्हेर्खोयान्स्कच्या हवेंत इतक्या लांबीचा पूल बांधावयाचा आहे. १०५.८ अंशांच्या हिशेबानें त्यास सुमारें १२७ सेंटिमीटर मोकळीक ठेवावी लागेल. परंतु ६७.८ मधून ३८ वजा करून कोणीं २९.८ अंशांची कक्षा धरली, तर तो सुमारें ३६ सेंटिमीटरच जागा सोडील. मग पोलाद आपली जागा स्वतः करून घेईल, आणि पूल वांकेल किंवा तुटेल. एक खूण न पाहिल्याचा हा परिणाम!

म्हणून आमची शिक्षकांस सूचना आहे कीं, गणितास हात घालण्यापूर्वीं मुलांकडून एक उभी रेघ काढवावी, तिजवर शून्याची खूण करवावी, आणि दोन्हीं संख्या आपापल्या जागीं मांडवाव्या. डोळ्यांस अंतर दिसलें म्हणजे हात चुकत नाहीं.

अभ्यासासाठीं प्रश्न

१. अमेरिकेंतील स्पिअरफिश गांवीं २२ जानेवारी १९४३ रोजीं सकाळीं दोन मिनिटांत उष्णमान −४ वरून ४५ फॅरनहाइट अंशांवर चढलें. फरक किती?
२. एके ठिकाणीं कमाल −५ व किमान −३१ अंश आहे. कक्षा काढा.
३. किमान −८ अंश व कक्षा २३ अंश असल्यास कमाल किती?

उत्तरें: (१) ४९ अंश; (२) २६ अंश; (३) १५ अंश.