३.४ कर्ता कोण? : भारतीय फुटबॉल संघाची एक आख्यायिका

मागील उपघटकात आपण प्रयोगविचार अभ्यासला. कर्ता गाळल्याने इतिहास कसा बदलतो, हे आता एका प्रचलित वाक्यावरून पाहू : ‘अनवाणी खेळण्याच्या हट्टामुळे १९५० च्या विश्वचषकात भारताला खेळू दिले गेले नाही.’

कोणी खेळू दिले नाही? वाक्य सांगत नाही. वाचक मनानेच ‘फिफा’ हे उत्तर भरतो.

घटनाक्रम तपासा. १९४८ च्या लंडन ऑलिंपिकमध्ये बहुतेक भारतीय खेळाडू अनवाणी खेळले आणि फ्रान्सकडून २-१ असे निसटते हरले. पुढे ब्रह्मदेश, इंडोनेशिया व फिलिपिन्स यांनी माघार घेतल्याने १९५० च्या विश्वचषकात भारताला पात्रता सामना न खेळताच जागा मिळाली. प्रवासखर्चाचा मोठा वाटा उचलण्याची तयारी यजमान ब्राझीलने दाखवली होती. तरीही अखिल भारतीय फुटबॉल महासंघाने संघ पाठवला नाही. सरावाला अपुरा वेळ आणि संघनिवडीवरील मतभेद ही कारणे त्याने दिली. शिवाय ऑलिंपिकपुढे विश्वचषक तेव्हा दुय्यम मानला जाई. अनवाणी पायांची कथा खरी नसून ती एक सबब होती, असे त्या वेळचे कर्णधार शैलेन मन्ना यांनीच पुढे सांगितले. १९५२ साली हेलसिंकीतही काही भारतीय खेळाडू अनवाणीच उतरले होते. तेथे युगोस्लाव्हियाने आपल्याला १०-१ असे हरवले.

मग आख्यायिका टिकली कशी? अनवाणी पायांत गरिबीची करुणा आहे आणि स्वाभिमानही. सभेत घेतलेल्या निर्णयात यांपैकी काहीच नाही.

कर्ता ठळक दिसतो अशी उदाहरणेही याच इतिहासात आहेत. हैदराबादचे सय्यद अब्दुल रहीम हे पेशाने शिक्षक. त्यांच्या मार्गदर्शनाखाली भारताने १९५१ व १९६२ साली आशियाई सुवर्णपदक जिंकले आणि १९५६ साली मेलबर्न ऑलिंपिकमध्ये चौथे स्थान मिळवले. तेथे ऑस्ट्रेलियाविरुद्ध तीन गोल करणारे नेव्हिल डिसूझा मुंबईच्या टाटा संघाचे. १९६२ च्या जकार्ता स्पर्धेत डोक्याला जखम झालेल्या जर्नेल सिंग या बचावपटूला रहीम यांनी आघाडीला खेळवले. दक्षिण कोरियाविरुद्धच्या अंतिम सामन्यात भारताच्या दोन गोलांपैकी एक त्यांचा होता. रहीम तेव्हा कर्करोगाने आजारी होते. पुढच्याच वर्षी त्यांचे निधन झाले.

ऑगस्ट २०२२ मध्ये ‘भारतीय फुटबॉलवर बंदी आली’ असे वाक्य ऐकू येई. येथे व्याकरणाच्या दृष्टीने ‘बंदी’ हाच कर्ता. जणू ती वळवाच्या पावसासारखी आपोआप आली! प्रत्यक्षात महासंघाची निवडणूक रखडली, सर्वोच्च न्यायालयाने प्रशासक समिती नेमली आणि त्रयस्थ हस्तक्षेपाचे कारण देऊन फिफाने महासंघाला निलंबित केले. नवी मुंबई व गोव्यातही सामने ठरलेला मुलींचा १७ वर्षांखालील विश्वचषक त्यामुळे धोक्यात आला होता. समिती बरखास्त झाल्यावर त्याच महिन्यात निलंबन उठले.

स्वाध्याय : आजच्या वृत्तपत्रातील क्रीडापानावरून कर्ता गाळलेली तीन वाक्ये निवडा. बातमीच्या आधारे प्रत्येकात कर्ता घालून ती पुन्हा लिहा. जेथे कर्ता सापडत नाही, तेथे तो का सापडत नाही, हे दोन-तीन वाक्यांत नोंदवा.