घरचे संगणकीय दप्तर आणि मराठी नावे

हस्तलिखितांची छायाचित्रे, जुन्या अंकांची स्कॅन केलेली पाने, व्याख्यानांचे ध्वनिमुद्रण असे आपले बरेच साहित्य घरातल्या तीन-चार यंत्रांत विखुरलेले असते. ते एका जागी आणण्यासाठी मी ‘रास्पबेरी पाय ४’ हा तळहातावर मावणारा संगणक वापरतो. २०१९ साली आलेल्या या आवृत्तीत गिगाबिट इथरनेट आणि यूएसबी ३ आहे. आधीच्या आवृत्त्यांत नेटवर्क आणि डिस्क यांना यूएसबी २चा एकच मार्ग वाटून घ्यावा लागे, म्हणून त्या संथ पडत.

मांडणी सोपी आहे. कार्यप्रणाली मेमरी कार्डावर आणि साहित्य वेगळ्या हार्ड डिस्कवर ठेवावे. चारही यूएसबी पोर्टना मिळून १.२ अँपिअरच वीज मिळते, त्यामुळे डिस्कला स्वतःचा अडॅप्टर असलेला बरा. डिस्क ‘ईएक्सटी४’ पद्धतीने फॉरमॅट करून ‘सांबा’ हा मुक्त प्रोग्रॅम बसवला, की ती घरातल्या विंडोज, मॅक वा लिनक्स संगणकांना सामाईक फोल्डर म्हणून दिसते.

यापुढचा प्रश्न भाषेचा आहे. ईएक्सटी४मध्ये फाइलच्या नावाला २५५ बाइटांची मर्यादा असते. देवनागरीचे प्रत्येक चिन्ह तीन बाइट घेते. काना, मात्रा, हलन्तही वेगळे मोजले जातात. म्हणजे नाव ८५ चिन्हांत बसवावे लागते. लेखाचे पूर्ण शीर्षक आणि लेखकाचे नाव एकत्र लिहू गेल्यास ही जागा लवकर संपते.

‘दुसऱ्या’ हा शब्द पाहा. त्यातला ‘ऱ’ एक अक्षर म्हणून, ‘र’खाली नुक्ता देऊन किंवा ‘र’, हलन्त आणि अदृश्य जोडचिन्ह वापरून, असा तीन प्रकारे उमटतो. डोळ्यांना तिन्ही सारखे. लिनक्सला ती तीन वेगळी नावे. मग शोधात फाइल सापडत नाही, किंवा एकाच नावाच्या दिसणाऱ्या दोन फाइली शेजारी बसतात आणि सुधारलेला मसुदा कोणता हे कळत नाही.

म्हणून मी तीन नियम पाळतो. नाव नेहमी इन्स्क्रिप्ट कळफलकावर टंकायचे. त्यात ‘ऱ’ला स्वतंत्र कळ आहे. आधी वर्ष, मग लेखक, मग कृती. अंक सर्वत्र देवनागरीच, नाहीतर वर्षांचा क्रम बिघडतो. हे नियम मुख्य फोल्डरमध्येच लिहून ठेवावेत, म्हणजे पुढे दप्तर सांभाळणाऱ्यालाही ते उमगतील.

एका डिस्कवरची प्रत ही सुरक्षित प्रत नव्हे. दुसरी प्रत दुसऱ्या घरी असावी, आणि तिच्यातली एखादी फाइल अधूनमधून उघडून पाहावी.