कॅटलॉग उघडत नाही, तेव्हा

प्रश्न : सुट्या भागांच्या आमच्या दुकानातील सर्व्हर बदलल्यापासून कॅटलॉग 'डेटाबेसशी जोडणी झाली नाही' असे सांगतो. काय करावे?

उत्तर : कॅटलॉग नव्याने बसविण्याची घाई करू नये, अशी कळकळीची विनंती आहे; कारण अशा प्रसंगी भागांची माहिती बहुधा शाबूत असून दोष केवळ तिच्या पत्त्यात असतो. प्रथम कॉन्फिगरेशन फाइलची नक्कल जपून ठेवावी आणि तीत जुन्याच सर्व्हरचा पत्ता राहिला आहे काय, हे तपासावे. पत्ता बिनचूक असूनही जोडणी तत्काळ नाकारली जात असेल, तर डेटाबेसची सेवा बहुधा बंद असते; उत्तराविना मुदत संपत असेल, तर फायरवॉलने मायएसक्यूएलचा ३३०६ किंवा एसक्यूएल सर्व्हरचा १४३३ हा नेहमीचा पोर्ट अडविला असण्याचा संभव असतो; आणि प्रवेश नाकारल्याचा मजकूर आला, तर सर्व्हर सापडला आहे, खोट नाव, पासवर्ड वा अधिकार यांत आहे, असे निःशंक समजावे.